छपरी पलंग आणि वीरांची तलवार

साहसकथेला एक जुनी सवय आहे. ती नायकाला समुद्र ओलांडायला लावते, राक्षसाच्या गुहेत धाडते, तटावरून उडी मारायला सांगते; आणि शेवटी राजकन्येचा हात त्याच्या हातात देऊन दिवा मालवते. इतका वेळ श्वास रोखून नायकाच्या मागे धावलेला वाचक शयनगृहाच्या दारापाशी पोचतो, तो दार बंद! आपल्या मराठीत 'मुक्तामाला' (१८६१) आणि 'मंजुघोषा' (१८६८) ह्या आरंभीच्या अद्भुतरम्य कादंबऱ्यांपासून बाबूराव अर्नाळकरांच्या 'झुंजार' आणि 'काळापहाड' ह्यांच्या शेकडो पराक्रमांपर्यंत कथा बदलल्या, वेष बदलले, तलवारीच्या जागी पिस्तूल आले. दार मात्र बंदच राहिले.

हे दार ढकलून आत डोकावणारा एक वाह्यात सोबती साहसकथेला बहुतेक सर्व देशांत लाभला आहे. आत त्याला काय दिसते? बाहेर दहाजणांना लोळवणारा वीर आत गोंधळून उभा आहे. चिलखत कसे सोडावे हे त्याला कळत नाही. आणि राजकन्या कंटाळली आहे. वीरकथेच्या शृंगारिक विडंबनाचे सारे भांडवल एवढेच. युरोपात १९७० च्या दशकात ह्या विडंबनाने 'केवळ प्रौढांसाठी' असलेल्या चित्रपटांचे रूप घेतले आणि तो एक स्वतंत्र धंदा होऊन बसला. आपल्याकडे ते फार आधीपासून तमाशाच्या फडावर नांदत होते. पुढे ते लोकनाट्यात आणि चित्रपटात आले.

शाळामास्तराने असल्या विषयाला हात घालावा हे काही सुज्ञांना रुचणार नाही. पण ज्या विनोदावर महाराष्ट्रातील लाखो माणसे पोट धरून हसली, त्याच्याविषयी समीक्षेने मूग गिळून बसावे हेही मला बरे वाटत नाही. आपल्या टीकाकारांनी ह्या विनोदाला एक तर 'चावट' म्हणून उंबऱ्याबाहेर ठेवले, नाही तर 'अस्सल मातीतला' म्हणून डोक्यावर घेतले. त्याच्यात चांगले कोणते आणि वाईट कोणते, हा साधा प्रश्न मात्र विचारायचा राहिला. तोच येथे विचारावयाचा आहे.

१

आधी युरोपकडे पाहू. वीरांची थट्टा तेथे नवी नाही. १८६४ साली ऑफेनबाखने पॅरिसच्या रंगभूमीवर 'ला बेल एलेन' ही संगीतिका आणली आणि ट्रॉयच्या युद्धातले नावाजलेले ग्रीक वीर भर रंगमंचावर बावळट ठरवले. हेलनचा नवरा मेनेलाउस हा तर तीत निव्वळ हशाचा धनी आहे. परंतु ही सारी मंडळी अंगभर वस्त्रे नेसून होती. ती उतरायला एक शतक जावे लागले, आणि त्याचे कारण कलेत नव्हते, कायद्यात होते. डेन्मार्कने १९६९ साली अश्लील चित्रांवरील बंदी उठवली. पश्चिम जर्मनीतील सुधारलेला कायदा १९७५ च्या आरंभी अमलात आला. फ्रान्सने त्याच वर्षीच्या डिसेंबरात वेगळी वाट धरली. असे चित्रपट बंद न करता त्यांना 'एक्स' ह्या वर्गात टाकले आणि त्यांच्यावर जबर कर बसवला. जे बंदीने मरत नाही ते करभाराने आटते, हे फ्रेंच मंत्र्यांनी ओळखले होते!

दार असे किलकिले झाल्याबरोबर पहिला धावा झाला तो वीरकथांवर. ह्याचे कारण उघड आहे. ज्याचे नाव सर्वांना ठाऊक आहे त्याचे कपडे उतरवण्यात गंमत. अनोळखी माणसाचे कपडे उतरवण्यात कसली? १९७१ साली पश्चिम जर्मनीत झीगफ्रीड ह्या पुराणवीराच्या कथित प्रेमजीवनावर चित्रपट निघाला. १९७२ साली अमेरिकेच्या आणि युरोपच्या भागीदारीत झोरोचे शृंगारिक पराक्रम पडद्यावर आले. १९७५ साली बेल्जियमच्या पिशाने 'टारझून' हा व्यंगचित्रपट केला. १९७७ आणि १९७८ मध्ये डेन्मार्कने ब्रिटिश गुप्तहेरकथांची टर उडवणारे 'एजंट ६९ येन्सेन' चे दोन चित्रपट काढले. त्याच डेन्मार्कमध्ये पॅलाडियम ह्या संस्थेने 'बिछान्याच्या काठावर' अशा अर्थाच्या नावांची एक विनोदी मालिका १९७० पासून चालवली होती. ह्याच पॅलाडियमने कार्ल ड्रायरचा 'ओर्डेट' (१९५५) आणि 'गेर्ट्रूड' (१९६४) हे जगाने वाखाणलेले चित्रपट निर्माण केले होते. श्रद्धेच्या बळावर मृत स्त्री उठून बसते, तो प्रसंग ज्या घराण्याने दाखवला, तेच घराणे पंधरा वर्षांत बिछान्याच्या काठावर येऊन बसले. पोटाची खळगी फक्त तमाशावाल्यालाच असते असे नाही.

ह्या पंक्तीत मला दोन चित्रपट विचार करण्याजोगे वाटतात. एक फसलेल्या संधीसाठी, दुसरा साधलेल्या नेमासाठी.

झीगफ्रीडची गोष्ट जर्मनांच्या रक्तात भिनलेली. अजगराच्या रक्तात न्हाऊन तो अवध्य झाला. पाठीवर एक पान चिकटले होते तेवढीच जागा कच्ची राहिली. ही कथा पुढे निष्पाप उरली नव्हती. १९४३ च्या जानेवारीत स्टालिनग्राडला जर्मन सैन्य मरत असता गोअरिंगने भाषणात ह्याच निबेलुंगांच्या बलिदानाचा दाखला दिला होता. पुराणातल्या वीरांची साक्ष काढून जिवंत पोरांना मरायला सांगितले गेले, त्याला १९७१ साली तीस वर्षेही झाली नव्हती. अशा वीराची फजिती करण्यात केवढा अर्थ भरता आला असता! पण त्या चित्रपटाच्या इंग्रजी नावात झीगफ्रीडच्या 'लांब नि चपळ तलवारी'चा उल्लेख आहे, आणि विनोदाची धाव त्या तलवारीपुरतीच आहे. पाठीवरची कच्ची जागा शोधण्याचे कष्ट कोणी घेतले नाहीत.

'टारझून' ची गोष्ट निराळी. मूळ टारझन म्हणजे गोऱ्या माणसाच्या मनातले आपले स्वतःचेच देखणे चित्र: जंगलात वाढूनही जंगलाचा राजा. पिशाने त्याला किडकिडा आणि भित्रा केला. त्याची सखी त्याच्यावर सदा असमाधानी. तिला पळवून नेल्यावर तिच्यामागे जायचे ते ह्या बापड्याने! चित्रपट भडक आहे, कित्येक ठिकाणी ओंगळही आहे. परंतु नेम बरोबर बसला, आणि त्याची पावती मिळाली ती कोर्टातून. टारझनच्या जनकाच्या, म्हणजे बरोजच्या, वारसदारांनी दावा लावला. विडंबन ज्याला लागते तो ओरडतो. लागत नाही तेथे कोणी वकील करीत नाही.

पुढे चित्रफिती घरोघर गेल्या आणि हा सारा प्रकार ओसरला. १९९० च्या दशकात इटलीच्या ज्यो दामातोनेही टारझनवर चित्रपट केला. त्यात टारझनचे नाव आहे, पण विडंबनाचा मागमूस नाही. नायकाची फजिती संपली, त्याचे नाव तेवढे दुकानावरच्या पाटीसारखे राहिले. ज्या पिढीने मूळ गोष्ट वाचलेलीच नाही, तिच्यापुढे तिची नक्कल करून काय उपयोग? विडंबन हे बांडगूळ आहे. झाड वठले की तेही वाळते.

२

आता आपल्या फडाकडे येऊ. तमाशात गण झाला की गवळण येते. मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गवळणींची वाट किसनदेव आणि पेंद्या अडवतात. कालियाचे मर्दन करणारा, गोवर्धन करंगळीवर तोलणारा हा महावीर येथे दह्यादुधावर जकात मागणारा नाकेदार झालेला असतो. आणि पुरुषाने लुगडे नेसून उभी केलेली मावशी त्याला असे उलटसुलट प्रश्न विचारते की देवाची बोबडी वळावी. भक्तीच्या गावात देवाची अशी थट्टा चालते आणि कोणाच्या भावना दुखावत नाहीत, कारण थट्टा करणारा आणि ऐकणारा दोघेही दुसऱ्या दिवशी पंढरीची वाट धरणारे असतात.

मग वग. उमाजी सावळजकराचा 'मोहना-बटाव' (१८६५) हा पहिला वग मानतात. पठ्ठे बापूराव म्हणजे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी; त्यांचा 'मिठाराणी' प्रसिद्ध आहे. हे वग म्हणजे साहसकथाच: राजा, प्रधान, घोडा, रान, संकट आणि सुटका. परंतु त्यात एक पात्र असे आहे की ज्याला युरोपच्या चित्रपटात जोड नाही. तो म्हणजे सोंगाड्या. राजा गंभीरपणे बोलतो आणि सोंगाड्या त्याचे वाक्य जमिनीवर पडू न देता उलटे करून परत देतो. युरोपात साहसकथा आधी लिहिली गेली आणि तिची टिंगल पुढे कोणी दुसऱ्याने केली. वगात दोन्ही एकाच रात्री, एकाच कनातीत, एकाच ढोलकीवर चालतात. राजाच्या दुःखाने डोळे पुसणारा प्रेक्षक दुसऱ्या क्षणाला त्याच राजावर हसतो. मूळ कथा आणि तिची फजिती ह्यांची अशी एकत्र बिऱ्हाडे असल्यामुळे तमाशात विडंबन हे बांडगूळ राहत नाही. ते त्याच झाडाची फांदी होते.

१९४८ साली मुंबई सरकारने तमाशावर बंदी घातली. ती पुढे उठली, पण संहिता आधी तपासून घेण्याचा नियम मागे ठेवून गेली. तपासणाऱ्यांची अडचण मात्र आजवर कोणी नीट सांगितलेली नाही. द्व्यर्थी वाक्यातला सोवळा अर्थ कागदावर असतो. ओवळा अर्थ ऐकणाऱ्याच्या डोक्यात. लाल शाईने खोडायचे ते काय? सोंगाड्या नेहमी निर्दोष असतो. हसणारा पकडला जातो. युरोपच्या त्या चित्रपटांत आणि आपल्या वगात कलेच्या दृष्टीने मोठा भेद आहे तो हाच. तेथे कॅमेऱ्याने सारे दाखवले आणि दोन अर्थांचा एक अर्थ करून टाकला. आपल्याकडे कोणी कोणाला शिवत नाही, नाचणारीचे नऊवारी पायाच्या घोट्यापर्यंत आहे, आणि तरी कनात हशाने फाटते. झाकण्यात जी ताकद आहे ती उघडण्यात नाही, हे लावणीकाराला कोणी शिकवावे लागले नव्हते.

३

ह्या परंपरेचे सर्वांत बांधेसूद अपत्य म्हणजे वसंत सबनिसांचे 'विच्छा माझी पुरी करा'. 'छपरी पलंगाचा वग' हे त्याचे आधीचे नाव. १९६५ साली ते दादा कोंडक्यांनी रंगभूमीवर आणले आणि त्याचे प्रयोग हजाराच्या पलीकडे गेले. पुढे 'सैंया भये कोतवाल' ह्या नावाने हिंदी रंगभूमीनेही त्याला आपलेसे केले. मी ते प्रथम पुस्तकात वाचले, प्रयोग मागाहून पाहिला. आणि वाचताना मला जे हसू आले त्याने मी थोडा अस्वस्थ झालो. त्या अस्वस्थतेतूनच हा लेख निघाला आहे.

गोष्ट चार वाक्यांची. कोतवाल मरतो. हवालदाराला वाटते, आता जागा आपली. प्रधान ती आपल्या मेहुण्याला देतो. मग हवालदार आणि त्याची मैनावती मिळून नव्या कोतवालाला जाळ्यात ओढतात: मैनावती आपली 'विच्छा' सांगते, ती म्हणजे राजाचा छपरी पलंग, आणि तिच्यापायी वेडा झालेला कोतवाल तो चोरतो.

ह्याची रचना साहसकथेशी ताडून पाहावी. तेथे नायिका नायकाला अवघड कामगिरी सांगते, येथेही सांगते. तेथे राक्षसाचा मणी आणायचा असतो, येथे राजाचा पलंग. तेथे चोर पकडणारा वीर असतो, येथे चोर पकडणाराच चोर. आणि साहसकथा ज्या शयनगृहाच्या दारात थांबते, त्याच शयनगृहातली मुख्य वस्तू उचलून सबनिसांनी रस्त्यावर आणली! पण गंमत अशी की तो पलंग काम करतो मुद्देमालाचे. प्रेक्षक सारा वेळ भलत्याच कल्पनेने हसत असतो, आणि त्याच्या हसण्याच्या आडून नाटककार त्याला सांगत असतो की बाबा रे, जागा वशिल्याने भरल्या जातात, चौकीदारच घर फोडतो, आणि राज्य कुठे चालले आहे हे राजाला ठाऊक नाही. शृंगार हे येथे आमिष आहे. गळाला लागतो तो कारभार.

हे हसणारे लोक कोण होते, तेही लक्षात घेतले पाहिजे. लालबागच्या हनुमान थिएटरात तमाशाला बसणारा गिरणीकामगार सातारा-रत्नागिरीकडून आलेला. बायको गावी, येथे खानावळीचे जेवण आणि एका खोलीत दहापंधराजण. एकजण रात्रपाळीला गेला की त्याच्या पथारीची जागा दुसरा घ्यायचा. ज्याला पाठ टेकायला हक्काची जागा नाही, त्याच्यापुढे राजाच्या छपरी पलंगाची गोष्ट! ह्या हशात वासना होती हे खरेच. पण घराची, बायकोच्या सहवासाची आणि स्वस्थ झोपेची भूकही होती. नाकाने कांदे सोलणाऱ्या पांढरपेशांना तो हशा फक्त चावट ऐकू आला, ह्याचे कारण त्यांच्या घरी पलंग होता.

दादा कोंडके (१९३२-१९९८) ह्याच वस्तीतले, नायगावच्या चाळीतले. 'छत्रपती शिवाजी' (१९५२) सारखी वीरगाथा पडद्यावर मांडणाऱ्या भालजी पेंढारकरांनीच त्यांना 'तांबडी माती' (१९६९) मध्ये आणावे, हा योगायोग मला फार बोलका वाटतो. १९७१ च्या 'सोंगाड्या' पासून दादांनी मराठी नायकाचा सांगाडाच बदलला. नाम्या हा आईच्या धाकातला, भाबडा, नाडी लोंबणारी चड्डी घातलेला गडी. स्त्री पुढाकार घेते आणि हा गांगरतो. दादरच्या कोहिनूर चित्रपटगृहात ह्या नाम्याला जागा मिळावी म्हणून शिवसेनेला मध्ये पडावे लागले, हे प्रसिद्ध आहे. पुरुषी पराक्रमाच्या सगळ्या टिमकीवर इतकी निर्मळ टाचणी मराठी पडद्यावर पूर्वी कोणी लावली नव्हती.

पण पुढे काय झाले? १९८० च्या दशकात चित्रपटांची नावेच द्व्यर्थी झाली, मग संवाद, मग प्रसंग. 'अंधेरी रात में दिया तेरे हाथ में' (१९८६) पर्यंत येता येता राजा नाही, प्रधान नाही, कारभार नाही. गळ राहिला आणि मासा गेला. युरोपात टारझनचे जे झाले तेच आपल्याकडे सोंगाड्याचे झाले. तोवर १९८२ चा संप होऊन गेला होता, अडीच लाख गिरणीकामगार देशोधडीला लागले होते, आणि ज्याच्या भुकेने त्या विनोदाला अर्थ दिला होता तो प्रेक्षकच कनातीतून उठून गेला होता.

४

मी राहतो ते शीव. शीव म्हणजे हद्द. मुंबई बेट येथे संपे आणि खाडीपलीकडे साष्टी लागे. हद्दीवर राहणाऱ्याला एक गोष्ट कळते: हद्द आपल्या जागी राहते, पण तिच्या दोन्ही बाजूंचे मुलूख बदलत जातात. श्लील-अश्लीलाची शीव अशीच आहे. 'रंभा' मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकात चंद्रकांत काकोडकरांची 'श्यामा' छापून आली, खटला झाला, आणि १९६९ साली सर्वोच्च न्यायालयाने त्यांना निर्दोष ठरवले. सात वर्षे! कायदा एवढेच विचारू शकतो की मजकुराने वाचक बिघडेल का? विनोद कोणाच्या बाजूचा आहे, हे विचारण्याचे कलम त्याच्याकडे नाही. ते टीकाकाराचे काम आहे.

आणि ते विचारायला लागले की एक जागा अशी येते, जेथे आपल्या परंपरेचे कौतुक करणाऱ्याचीही जीभ अडखळते. वगातली मैनावती कोतवालाला नाचवते, राजाचा पलंग मागते. रंगमंचावर ती सर्वांना पुरून उरते. पण तिचे सोंग घेणारी बाई कोण होती? बहुधा कोल्हाटी, महार वा मांग घरातली. बाहेर वगातला राजा हास्यास्पद होतो. कनातीमागचा पाटील नव्हे. डॉ. किशोर शांताबाई काळे यांचे 'कोल्हाट्याचं पोर' (१९९४) ज्याने वाचले आहे, त्याला 'विच्छा' ह्या शब्दावर पूर्वीसारखे मोकळे हसता येणार नाही. इच्छा कोणाची, आणि ती पुरी कोण करी? युरोपच्या त्या चित्रपटांनाही हाच प्रश्न लागू आहे. तेथे वीराचे हसे झाले, पण पडद्यावर कपडे अधिक उतरले ते बाईचेच. विडंबन पुरुषाच्या गर्वाचे, किंमत स्त्रीच्या देहाची, हा व्यवहार दोन्हीकडे सारखाच झाला. आपण झाकले आणि त्यांनी उघडले, एवढ्यावरून आपण पुण्यवान ठरत नाही.

म्हणून ह्या विनोदाला माझी कसोटी श्लीलतेची नाही. ती तीन प्रश्नांची आहे. ज्या वीराची थट्टा चालली आहे तो अजून कोणाच्या तरी मनावर राज्य करतो आहे काय? थट्टेने त्याची सत्ता तसूभर तरी हलते काय? आणि ह्या हशाचा खर्च कोणाच्या पदरातून होतो? 'विच्छा' पहिल्या दोन प्रश्नांना छाती पुढे काढून उत्तर देते. तिसऱ्याला मान खाली घालते. 'टारझून' दुसऱ्याला उत्तर देतो. झीगफ्रीडचा चित्रपट पहिल्यावर उत्तीर्ण होऊन दुसऱ्यावर नापास होतो. आणि दोहोंकडच्या उतरत्या काळातले चित्रपट परीक्षेलाच बसत नाहीत.

माझ्या वर्गातल्या मुलांच्या खिशात आज जे यंत्र आहे त्यावर सर्व काही उघडे आहे. बंद दार नावाची वस्तूच त्यांना ठाऊक नाही. म्हणून त्या दाराशी होणारी फजितीही त्यांना ठाऊक नाही. ती मुले चावट झाली आहेत अशी माझी तक्रार नाही. चावटपणा तरी कोठे उरला? चावटपणाला दोन अर्थ लागतात, आणि दोन अर्थ धरून ठेवायला भाषा लागते. साहसकथाही पुस्तकात राहिली आणि सोंगाड्याही. ह्या मुलांना वीर मिळाले आहेत ते असे, की ज्यांच्याकडे पाहून कोणी डोळा मिचकावत नाही. आणि ज्याची थट्टा करायची सोय नाही असा वीर समाजाला नेहमीच महाग पडत आला आहे. अशा वेळी राजाच्या शयनगृहातून पलंग उचलून चव्हाट्यावर आणणारा सोंगाड्या हवा. फक्त तो पलंग उचलताना त्याने ह्या खेपेला मैनावतीलाही विचारावे, की बाई, तुझी खरी विच्छा कोणती?